वेदीवरचा चषक आणि झाडावरचे गाडगे

कोवलम हे नाव उच्चारले की बहुतेकांच्या डोळ्यांपुढे केरळचा समुद्रकिनारा उभा राहतो. पण चेन्नईच्या दक्षिणेस सुमारे ४० किलोमीटरवर, कोरोमंडलच्या किनाऱ्यालाही एक कोवलम आहे आणि त्याचा इतिहास काही कमी रंजक नाही. कर्नाटकच्या नबाबांच्या अमदानीत येथे बंदर वसले. अठराव्या शतकाच्या प्रारंभी ऑस्टेंडच्या व्यापाऱ्यांनी येथे ठाणे घातले. पुढे ते फ्रेंचांच्या हाती गेले आणि १७५२ मध्ये क्लाइव्हने किल्ला जिंकून सुरुंगाने उडवून दिला. त्या किल्ल्याच्या जागेवर आता प्रवाशांसाठी बांधलेले आलिशान हॉटेल आहे. गावात तमीम अन्सारी यांचा दर्गा आहे, शिवाचे देऊळ आहे, आणि १८०८ मध्ये जॉन डी मॉन्टी नावाच्या पोर्तुगीज व्यापाऱ्याने बांधलेले कार्मेल पर्वताच्या मातेचे चर्च आहे. बांधणाऱ्याची समाधीही त्याच चर्चमध्ये आहे.

या चर्चमध्ये मिस्सा होते तेव्हा वेदीवर चषक असतो आणि चषकात द्राक्षांचे मद्य असते. दर्ग्याच्या धर्मात मद्य वर्ज्य आहे. देवळात जाणाऱ्या अनेक घरांत त्याचे नावही काढीत नाहीत. बाहेर किनाऱ्याच्या मुलखात ताडाची झाडे उभी आहेत. त्यांच्या शेंड्यावर बांधलेल्या गाडग्यांत जो रस उतरतो, त्याची ताडी होते. वेदीवरचा चषक आणि झाडावरचे गाडगे यांचा परस्परसंबंध काय, हा प्रश्न कोवलमपुरता नाही. पोर्तुगीज जहाजे जेथे जेथे लागली त्या साऱ्या किनाऱ्याचा, म्हणजे वसई, साष्टी, मुंबई आणि गोवा यांचाही तो प्रश्न आहे. ‘ख्रिस्ती लोकांत दारू चालते’ हे वाक्य महाराष्ट्रात कित्येक पिढ्या बोलले गेले आहे. त्या एका वाक्यामुळे अनेक सालस माणसांना खाली मान घालावी लागली, आणि अनेकांनी ते खोटे ठरविण्यासाठी आयुष्य वेचले.

ख्रिस्ती धर्मग्रंथांत या बाबतीत एकच एक आज्ञा शोधू जाणाऱ्याची निराशा होते. काना गावच्या लग्नात मद्य संपले तेव्हा येशूने पाण्याचे मद्य केले, हा त्याचा पहिला चमत्कार मानला जातो. फादर स्टीफन्स यांच्या ख्रिस्तपुराणाच्या परंपरेत ही लग्नकथा ओवीबद्ध होऊन मराठी कानांवरही पडली. पौलाने तीमथ्याला पोटाच्या विकारावर थोडे मद्य घेण्याचा सल्ला दिला, आणि त्याच पौलाने इफिसकरांना मद्याने धुंद होण्याविरुद्ध कडक इशारा दिला. जुन्या करारात नोहा द्राक्षमळा लावतो आणि पिऊन बेशुद्ध पडतो. नाजीर व्रत घेणारे मात्र द्राक्षालाही शिवत नाहीत. थोडक्यात, वस्तू निषिद्ध नाही, अतिरेक निषिद्ध आहे, असा या ग्रंथांचा सामान्य कल दिसतो.

तथापि आरंभीच्या काही शतकांतच वस्तूच निषिद्ध मानणारे पंथ निघाले. काहींनी तर प्रभुभोजनाच्या चषकात मद्याऐवजी नुसते पाणी घालण्यास सुरुवात केली. कार्थेजचा बिशप सिप्रियन याने सुमारे २५३ साली एक दीर्घ पत्र लिहून या प्रथेचा निषेध केला. ख्रिस्ताने जे घेतले तेच घेतले पाहिजे, त्यात आपल्या सोवळेपणाची भर नको, हा त्याच्या युक्तिवादाचा गाभा. चर्चने हे मत कायमचे उचलले. १९१७ च्या धर्मसंहितेतही वेदीवरचे मद्य द्राक्षांचेच, नैसर्गिक आणि न बिघडलेले असावे असा दंडक आहे. त्यात थोडे पाणी मिसळतात, पण केवळ पाणी चालत नाही.

मात्र वेदीवर जे अपरिहार्य होते ते घरात निर्धोक होते, असे कोणी मानीत नव्हते. संत ऑगस्टिनने आपल्या आत्मकथनात आई मोनिकेची एक गोष्ट सांगितली आहे. लहानपणी तिला तळघरातून मद्य आणण्यास पाठवीत. पिंपातून काढताना ती सहज ओठ लावी, मग घोटभर पिई, आणि पाहता पाहता पेलाभर पिण्याची सवय जडली. एके दिवशी घरातल्या दासीशी भांडण झाले. त्या दासीने तिला दारुडी म्हणून हिणवले. तो शब्द मुलीच्या जिव्हारी लागला आणि सवय त्याच दिवशी सुटली. पुढे मिलान येथे हीच मोनिका हुतात्म्यांच्या थडग्यांवर अन्न आणि मद्य घेऊन जात असता तेथील बिशप अँब्रोज याने ती प्रथा बंद केली आहे असे तिला कळले. तिने निमूटपणे ऐकले. जत्रेचे निमित्त आणि पिण्याची चैन यांचा मेळ फार जुना आहे, हे यावरून दिसते. संत बेनेडिक्टने सहाव्या शतकात मठवासीयांसाठी नियम घातले. त्याचे मत विचाराल तर साधूने पिऊच नये. पण आपल्या काळचे साधू हे ऐकणार नाहीत असे ओळखून त्याने दररोज एक ठरावीक माप नेमून दिले. या तडजोडीत युरोपातील कॅथलिक परंपरेचा सारा स्वभाव आला आहे. मद्य ईश्वराची देणगी, माप हा सद्गुण आणि धुंदी हे पाप.

ही परंपरा सोळाव्या शतकात लिस्बनच्या जहाजांतून पश्चिम किनाऱ्यावर उतरली तेव्हा एक मजेदार अडचण उभी राहिली. वेदीवरचे मद्य द्राक्षांचे हवे, आणि कोकणच्या दमट हवेत द्राक्षे कोठून येणार? ते पिंपांतून युरोपहून आणावे लागे, म्हणून ते दुर्मिळ आणि महाग होते. मिस्साला आलेले सामान्य लोक त्या काळच्या प्रथेप्रमाणे चषकाला स्पर्शही करीत नसत. तो केवळ धर्मगुरूचा. लोकांच्या घरी जे होते ते माडाचे, ताडाचे, शिंदीचे. म्हणजे युरोपात एकच असलेले पेय येथे दुभंगले. पवित्र ते परदेशी राहिले आणि रोजचे ते देशी. चर्चने पहिल्याबद्दल काटेकोर नियम केले आणि दुसरे बव्हंशी स्थानिक रूढीवर सोडून दिले.

स्थानिक रूढीने त्याचा उत्तम उपयोग केला, हे मान्य केले पाहिजे. वसईच्या परिसरातील ख्रिस्ती घरांत सणावारी होणारे सांदण ताडीने फुगविले जाते. गोव्यात त्याच जातीच्या पदार्थाला सांना म्हणतात आणि तेथे माडाची सूर घालतात. पोर्तुगिजांनी पाव आणला तेव्हा खमीर मिळेना म्हणून गोव्याच्या पोदेरांनी ताजी सूरच कणकेत घातली. पोर्तुगिजांनीच ब्राझीलहून काजू आणला, आणि त्याच्या बोंडांपासून गोमंतकीयांनी फेणी काढली. तिला २००९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. माडावर चढणारे रेंदेर आणि भंडारी यांच्यापैकी कित्येक कुटुंबे ख्रिस्ती झाली, तरी हातातली कोयती आणि कमरेचे गाडगे सुटले नाही. धर्म बदलला म्हणून झाड बदलले नाही. लग्नाच्या मांडवात मसाले घालून ऊन केलेली दारू देण्याची पद्धत मुंबईच्या मूळच्या ख्रिस्ती लोकांत, म्हणजे ईस्ट इंडियन समाजात, राहिली. ती आदरातिथ्याची खूण होती. तिच्यात कोणाला धर्माचा भंग दिसला नाही, आणि त्याचे कारण वर सांगितलेल्या बेनेडिक्टच्या मापात आहे.

दुसरे जहाज आले ते अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्सहून, आणि त्यातली माणसे निराळ्या घडणीची होती. अमेरिकन बोर्ड या संस्थेचे पहिले मिशनरी गॉर्डन हॉल आणि सॅम्युएल नॉट १८१३ च्या फेब्रुवारीत मुंबईस उतरले. १८३१ मध्ये अहमदनगरचे ठाणे सुरू झाले आणि १८४२ मध्ये तेथून ‘ज्ञानोदय’ निघू लागले. या मिशनचे कार्यालय बोस्टनला होते, आणि त्याच बोस्टनमध्ये १८२६ साली अमेरिकन मद्यपाननिषेधक सोसायटी स्थापन झाली. एकच धर्मोपदेशकांचा वर्ग, एकच देणगीदार आणि एकच जोश या दोन्ही कामांमागे होता. तेव्हाच्या न्यू इंग्लंडमध्ये रम आणि व्हिस्की यांनी घरेच्या घरे उद्ध्वस्त होत होती. हे मद्य पौलाच्या काळचे सौम्य द्राक्षमद्य नव्हते. ते भट्टीत ओढलेले होते आणि स्वस्त होते. त्यामुळे लिमन बीचरसारख्या उपदेशकांनी आपल्या व्याख्यानांतून मापाची भाषाच सोडून दिली. एक पेला हाच पहिला पाप-पेला, असे ते सांगू लागले. प्रथम केवळ कडक दारू वर्ज्य होती, काही वर्षांत सर्वच मद्य वर्ज्य झाले.

मग काना गावच्या लग्नाचे काय करायचे? अँडोव्हरच्या धर्मविद्यालयातील मोझेस स्टुअर्ट यांच्यासारख्या विद्वानांनी असा सिद्धांत मांडला की बायबलात दोन प्रकारचा द्राक्षांचा रस आहे, एक आंबलेला आणि एक न आंबलेला. जेथे स्तुती आहे तेथे न आंबलेला समजावा. भाषाशास्त्राच्या कसोटीवर हा सिद्धांत फारसा टिकला नाही. पण मराठीत त्याला एक विलक्षण आधार मिळाला, तोही कोणी मुद्दाम न देता. मराठी बायबलात या पेयासाठी ‘द्राक्षारस’ हा शब्द रूढ झाला. मराठी माणसाला रस म्हटले की उसाचा, आंब्याचा, लिंबाचा रस आठवतो. आंबलेल्या औषधी पेयाला आपल्या वैद्यकात ‘आसव’ म्हणतात आणि ‘द्राक्षासव’ हा शब्द तर घरोघर माहीत आहे. भाषांतरकारांनी तो घेतला नाही. परिणामी मराठी ख्रिस्ती वाचक शास्त्र वाचताना ‘द्राक्षारस’ वाचतो आणि गुत्त्यात विकतात ती ‘दारू’. दोन शब्द, दोन वस्तू. ज्या प्रश्नावर पाश्चात्त्य विद्वानांनी जाडजूड ग्रंथ लिहिले, तो मराठीत एका शब्दाच्या निवडीने जवळजवळ उठलाच नाही.

प्रभुभोजनाच्या चषकाची अडचणही या लोकांनी यथावकाश सोडविली. न्यू जर्सी संस्थानातील टॉमस वेल्च हे मेथडिस्ट पंथाचे दंतवैद्य होते. १८६९ मध्ये त्यांनी पाश्चरच्या नव्या शोधाचा उपयोग करून, द्राक्षांचा रस तापवून न आंबता टिकेल असा बाटलीबंद केला, तो आपल्या चर्चच्या वेदीसाठीच. पुढे त्याचा मोठा व्यापार झाला ही गोष्ट वेगळी. मुक्तिफौजेने तर प्रश्नाचे मूळच उपटले. फ्रेडरिक टकर आणि त्यांचे सोबती १८८२ च्या सप्टेंबरमध्ये मुंबईस उतरले, भगवे कपडे घालून रस्त्यावर उतरले आणि पोलिसांच्या हाती सापडले. त्यांच्या पंथात दारू न पिण्याची शपथ प्रत्येक सैनिकाला घ्यावी लागते. पुढच्याच वर्षी, १८८३ मध्ये, या पंथाने प्रभुभोजनाचा विधीच सोडून दिला. चषकच नाही, तेव्हा त्यात काय घालावे हा वाद नाही.

पण हिंदुस्थानात खरा पेच शास्त्राचा नव्हता, अब्रूचा होता. येथील सामान्य माणसाने ख्रिस्ती म्हणून प्रथम पाहिला तो पाद्री नव्हे. पाहिला तो छावणीतला गोरा सोजीर. त्याला सरकारातून दारूचा शिधा मिळत असे आणि रविवारी तो चर्चलाही जाई. मुंबईत इंग्रजी शिकलेल्या पहिल्या पिढीतील काही तरुणांना पाव खाणे आणि पेला उचलणे ही सुधारणेची निशाणी वाटली. मग बाप्तिस्मा घेतला तो दारूसाठीच घेतला, असे म्हणावयास लोकांना कितीसा वेळ लागणार? बाप्तिस्मा घेणाऱ्या ब्राह्मण किंवा मराठा तरुणाच्या आईला जात गेल्याचे दुःख असेच, पण मुलगा आता पिऊ लागेल ही धास्तीही तेवढीच असे. म्हणून नगर-सोलापूरकडच्या मराठी प्रॉटेस्टंट मंडळ्यांत निर्व्यसनीपणाला जे महत्त्व आले ते निव्वळ बोस्टनची शिकवण म्हणून आले नाही. शेजाऱ्यांच्या डोळ्यांत डोळे घालून बोलता यावे, ही त्यामागची निकड होती.

त्यातच सरकारचे धोरण असे की आरोप करणाऱ्यांना आयतेच हत्यार मिळावे. १८७८ च्या मुंबई अबकारी कायद्याने दारू गाळण्याचा आणि विकण्याचा हक्क सरकारी नियंत्रणाखाली आणला, झाडांवर कर बसविला. १८९२ च्या कायद्याने ठाणे-कुलाबा भागात मोहाची फुले बाळगण्यावरही बंधने आली. सरकारचे म्हणणे, कर वाढला की पिणे घटेल. लोकांना दिसत होते ते हे की गावठी भट्टी बंद होते आणि सरकारी गुत्ता उघडतो. केशवचंद्र सेन यांनी १८७० मध्ये थेट लंडनमध्ये, एका मोठ्या प्रार्थनामंदिरातील व्याख्यानात, इंग्रज राज्याने हिंदुस्थानात दारू पसरविली असे ख्रिस्ती श्रोत्यांच्या तोंडावर सांगितले. पुण्यात जोतीराव फुले यांनी १८८० मध्ये नगरपालिकेला पत्र लिहून वस्तीतल्या दारूच्या दुकानांविरुद्ध तक्रार केली. फुले स्कॉटिश मिशनच्या शाळेत शिकलेले. मिशनऱ्यांच्या शाळेने त्यांना जे दिले त्याची जाण त्यांनी कधी लपविली नाही. सरकारच्या गुत्त्याविषयी मात्र त्यांनी भीड बाळगली नाही.

ख्रिस्ती सरकारविरुद्ध ख्रिस्ती माणसेच उठली, हा या कथेतील सर्वांत चांगला भाग होय. विल्यम केन हे बॅप्टिस्ट पंथाचे पार्लमेंट सभासद. त्यांनी सॅम्युएल स्मिथ यांच्यासह १८८८ मध्ये लंडनला अँग्लो-इंडियन टेंपरन्स असोसिएशन स्थापन केली. १८८९ मध्ये हिंदुस्थानच्या अबकारी धोरणाचा निषेध करणारा ठराव स्मिथ यांनी कॉमन्स सभेत आणला आणि थोड्याशा मताधिक्याने का होईना, तो मंजूर झाला. केन हिंदुस्थानभर हिंडले. हिंदू, मुसलमान आणि ख्रिस्ती एकाच व्यासपीठावर बसून एकाच गोष्टीचा निषेध करीत आहेत, हे दृश्य त्या सभांतून दिसू लागले. सरकारी अधिकाऱ्यांना ते अर्थातच रुचले नाही.

याच वर्षांत एका महाराष्ट्रीय बाईने हा विषय अगदी निराळ्या बाजूने मराठीत आणला. पंडिता रमाबाई १८८६ मध्ये अमेरिकेस गेल्या, तेथे फ्रान्सिस विलर्ड यांच्याशी त्यांचा स्नेह जडला. विलर्डबाई १८७४ मध्ये स्थापन झालेल्या स्त्रियांच्या ख्रिस्ती मद्यपाननिषेधक संघटनेच्या अध्यक्षा होत्या. अमेरिकेतील गावोगावच्या बाया गुत्त्यांसमोर जाऊन प्रार्थना करीत, छातीवर पांढरी फीत लावीत, सभा भरवीत, हिशेब ठेवीत आणि मते मागत. रमाबाईंनी १८८९ मध्ये अमेरिकेच्या लोकस्थितीवर मराठीत पुस्तक प्रसिद्ध केले, त्यात या चळवळीला मोठे स्थान दिले. रमाबाई मूळच्या शाकाहारी ब्राह्मण घरातल्या आणि बाप्तिस्म्यानंतरही शाकाहारीच राहिल्या. दारू न पिणे यात त्यांना नवे असे काय होते? नवे होते ते हे की दारुड्या नवऱ्याची बायको निमूटपणे रडत न बसता संघटना काढू शकते. आपल्याकडे १९१९ मध्ये ‘एकच प्याला’ रंगभूमीवर आले तेव्हा सिंधूच्या दुःखाने नाट्यगृहे हेलावली. त्या नाटकातला पहिल्या पेल्याचा वाद आणि अमेरिकन उपदेशकांचा पहिल्या पेल्याचा वाद एकच आहे. पण सिंधूपाशी पांढरी फीत नव्हती.

आता पुन्हा पूर्व किनाऱ्याकडे वळले पाहिजे, कारण झाडावरच्या गाडग्याचा सर्वांत सुजाण विचार एका तमिळ ख्रिस्ती माणसाने केला, आणि तोही वर्ध्यात बसून.

कोवलमच्या पुष्कळ दक्षिणेस तिरुनेलवेलीच्या रेताड मुलखात ताडावर चढणाऱ्या समाजातील हजारो कुटुंबे एकोणिसाव्या शतकात प्रॉटेस्टंट पंथात आली. रॉबर्ट कॉल्डवेल यांनी त्यांच्यावर १८४९ मध्ये पुस्तकही लिहिले. धंदा ताडाचा म्हणजे दारूचा, अशी कोणाचीही समजूत व्हावी. परंतु तेथील ताडाच्या रसाचा मोठा भाग गुळासाठी जाई. युक्ती सोपी आहे. रात्री गाडगे बांधण्यापूर्वी आतून चुना फासायचा. चुना असला की रस आंबत नाही, सकाळी गोड नीरा मिळते, ती कढवून गूळ करता येतो. चुना नसेल तर सूर्य वर येईपर्यंत तिची ताडी होऊ लागते. झाड तेच, माणूस तोच, गाडगेही तेच.

जे. सी. कुमारप्पा हे १८९२ मध्ये तंजावरला ख्रिस्ती कुटुंबात जन्मले, लंडनला हिशेबशास्त्र आणि न्यूयॉर्कला अर्थशास्त्र शिकले, आणि १९२९ मध्ये गांधीजींकडे आले. १९३४ मध्ये वर्ध्याच्या मगनवाडीत अखिल भारतीय ग्रामोद्योग संघ निघाला, त्याचे ते चिटणीस होते. दारूबंदीवर बोलणारे बहुतेक लोक पिणाऱ्याचा विचार करतात. कुमारप्पांनी झाडावर चढणाऱ्याचा केला. गुत्ता बंद झाला तर त्याच्या चुलीत काय जळणार? त्यांचे उत्तर होते नीरा आणि ताडगूळ. शिवाय ताड, शिंदी ही झाडे पडीक जमिनीत येतात. उसासारखी सुपीक आणि पाण्याखालची जमीन ती अडवीत नाहीत, तेव्हा गूळ झाडापासून करावा आणि चांगली जमीन धान्याला सोडावी, असा हिशेबनिसाचा चोख हिशेब त्यांनी मांडला. येशूच्या शिकवणीवर त्यांनी लिहिलेले पुस्तक १९४५ मध्ये प्रसिद्ध झाले. त्यांचे बंधू भारतन् यांनी १९५२ मध्ये दारूबंदीच्या समर्थनार्थ स्वतंत्र पुस्तक लिहिले. या दोघा भावांच्या ठायी ख्रिस्ती श्रद्धा आणि गांधीविचार यांत कोठे सांधा दिसत नाही.

दारूबंदीचे कायदे आले तेव्हा मात्र ख्रिस्ती समाजातली जुनी फाळणी उघडी पडली. राजाजींनी १ ऑक्टोबर १९३७ पासून सेलम जिल्ह्यात दारूबंदी सुरू केली. १९४८ मध्ये ती साऱ्या मद्रास प्रांताला लागू झाली. मुंबई शहरात १ ऑगस्ट १९३९ रोजी ती आली, आणि बुडालेले उत्पन्न भरून काढण्यासाठी शहरातील स्थावर मिळकतींवर शेकडा १० कर बसला. खात्याचे मंत्री डॉ. गिल्डर स्वतः पारशी, तरी सर्वांत मोठा विरोध पारशांचाच. कॅथलिक समाजातही नाराजी होती. तिचे कारण केवळ चटक असे म्हणणे अन्यायाचे होईल. जे ईश्वराने निषिद्ध केले नाही ते सरकारने गुन्हा ठरवावे काय, हा प्रश्न सिप्रियनच्या वारसांना पडणे स्वाभाविक होते. प्रॉटेस्टंट मंडळ्यांनी बव्हंशी या कायद्यांचे स्वागत केले. १९४८ च्या नोव्हेंबरात घटना समितीत दारूबंदीच्या कलमावर चर्चा झाली तेव्हा मिशनच्या शाळेत शिकलेले आदिवासी नेते जयपालसिंग यांनी विरोध केला. तांदळाची दारू ही आदिवासींच्या पूजाविधीचा भाग आहे, ती कायद्याने कशी काढून घेता, असे त्यांचे म्हणणे होते. वेदीवरच्या चषकाला सवलत मिळते, तर सरनातल्या दोण्याला का नाही, हा प्रश्न यातून आपोआपच उभा राहतो आणि तो अजून पुरता मिटलेला नाही.

चषकाला सवलत मिळाली ती अशी. १९४९ च्या मुंबई दारूबंदी कायद्याने ६ एप्रिल १९५० पासून राज्यभर बंदी आली, पण धार्मिक विधीसाठी लागणाऱ्या मद्याला परवानगी देण्याची तरतूद कायद्यातच होती. अमेरिकेच्या १९१९ च्या कायद्यातही अशीच सूट होती. वेदी सुरक्षित राहिली, आणि झळ बसली ती वस्तीला. मुंबईच्या गल्ल्यांत चोरटे अड्डे निघाले. त्यातले काही गोमंतकीय किंवा ईस्ट इंडियन विधवांनी पोटासाठी चालविलेले होते. ‘आंटीचा अड्डा’ हा शब्द शहराच्या बोलीत रुळला, आणि हिंदी चित्रपटांनी त्याचे सोंग केले. ख्रिस्ती पात्र म्हणजे हातात बाटली आणि गळ्यात क्रूस, ही आकृती पडद्यावर इतकी फिरली की नगरच्या मिशन कंपाउंडात तीन पिढ्यांत कोणी थेंबही न घेतलेल्या घराला तिचा त्रास झाला. ज्या विधवेला दुसरा धंदा दिसला नाही तिला कुमारप्पांचा चुना कोणी नेऊन दिला नाही, हेही विसरता येत नाही.

तिकडे तमिळनाडूत १९७१ मध्ये बंदी उठली, पुन्हा आली, पुन्हा उठली, आणि २००३ पासून किरकोळ दुकानेही सरकारी महामंडळाच्या हाती गेली. कोवलमच्या चर्चमधला चषक या सगळ्या काळात जागचा हलला नाही.

त्या चषकाच्या बाबतीत अखेर एक पाऊल पुढे पडले, आणि ते नियमाच्या अंगाने नव्हे तर आजाराच्या अंगाने. धर्मगुरूंपैकीही काही जण मद्याच्या व्यसनात सापडतात, आणि व्यसनातून उठलेल्या माणसाला वेदीवरचा घोटही घातक ठरू शकतो. १९९५ च्या रोमच्या आदेशाने अशा धर्मगुरूंना ‘मुस्तुम’ वापरण्याची परवानगी बिशपांना देता येऊ लागली. मुस्तुम म्हणजे ताज्या द्राक्षांचा असा रस, ज्याची आंबण्याची क्रिया सुरू होताच थांबविलेली असते. साडेसतराशे वर्षांपूर्वी ज्या चर्चने पाणी नाकारले, त्याने एका दुबळ्या माणसासाठी एवढी वाट मोकळी केली. तिरुनेलवेलीच्या ताडावर चढणाऱ्याला ही युक्ती कळावयास वेळ लागला नसता.

कोवलमच्या चर्चचे जे नाव, तेच मुंबईत वांद्र्याच्या एका चर्चचे आहे. त्या कार्मेल पर्वताच्या मातेच्या चर्चच्या आवारात १९८१ मध्ये फादर जोसेफ परेरा यांनी ‘कृपा फाउंडेशन’ सुरू केले. परेरा वसईचे. आपणही एकेकाळी या व्यसनात सापडलो होतो, हे त्यांनी जाहीरपणे सांगितले आहे. त्यांनी पुण्याच्या बी. के. एस. अय्यंगार यांच्याकडून योग शिकला आणि व्यसनी माणसांच्या उपचारात त्याचा समावेश केला. २००९ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. संस्थेचे काम वांद्र्याहून त्यांच्या वसईपर्यंत पोहोचले. तेथे येणाऱ्यांत सर्व धर्मांचे लोक असतात. बाहेर सणाच्या दिवशी घरोघर सांदण फुगते, आणि आत दारूचा थेंबही न घेता एकेक दिवस काढण्याचा प्रयत्न चाललेला असतो.